ओटीटीवर काय दिसायचं ते नक्की ठरवतं कोण? (गोंयकारांनो, बोला जरा)

अंत्रुजकर
मंडळी, डोक्यात एक किडा वळवळतोय म्हणून धागा काढतोय. पावसाळ्याच्या तोंडावर एक मराठी पिक्चर बघायचा होता, लागला जवळच्या मल्टिप्लेक्सात पण शो एकच आणि तोही दुपारी साडेबाराचा, म्हणजे नोकरीवाल्याने येऊच नये अशी सोय. रविवारी जाऊ म्हटलं तर घरी पाव्हणे, पुढच्या शुक्रवारी बघतो तर पिक्चर गायब. म्हटलं जाऊदे, ओटीटीवर येईलच. आला पण! पण कधी आला ते कुणालाच कळलं नाही, मी नाव टाईप करून शोधला म्हणून सापडला, नायतर होमपेजवर त्याचं पोस्टरसुद्धा दिसत नाही. आणि त्याच अ‍ॅपवर ती खुनांची हिंदी सिरीज टीव्ही चालू केला की आपोआप वाजायला लागते, आईला पण तिचं नाव पाठ झालंय.

तर प्रश्न असा की हे दिसणं-न दिसणं ठरवतो कोण? पूर्वी म्हणायचो थिएटरवाले दादागिरी करतात, ओटीटी आलं की सगळ्यांना सारखी जागा. मला तर जागा सारखी झालेली दिसत नाही, तुमचं काय म्हणणं?

म्हापशेकर
ठरवतो आपण. तू नाही बघितलास ना पहिल्या रविवारी? मग थिएटरवाला रिकाम्या खुर्च्यांना पिक्चर दाखवणार काय रे? :)

उगाच रडगाणं आहे हे. नेटफ्लिक्स जानेवारी २०१६ ला भारतात आलं तेव्हा सगळ्यात स्वस्त प्लॅन ५०० रुपये होता, डिसेंबर २०२१ ला मोबाइलचा प्लॅन १४९ वर आणला. दीडशे रुपयांत कोरियन, स्पॅनिश, मल्याळी सगळं. आमच्या लहानपणी म्हापशाच्या अलंकार थिएटरला जे लागेल ते बघायचं, आणि ते काय लागायचं ते सगळ्यांना माहीत आहे, मारधाडच. त्यापेक्षा आज लाख पटीने बरं आहे.

रीळवाला
आमच्या धंद्याचा विषय निघाला म्हणून लिहितो. टायपिंग हळू आहे, चुका सांभाळून घ्या.

मी डिचोली-साखळीकडच्या थिएटरांत मशीनवर होतो, रिळांचा जमाना. अलंकारला काय लागायचं ते अलंकारवाला ठरवायचा असं वाटतं ना तुम्हाला, तसं नव्हतं. पिक्चरच्या धंद्यात देश टेरिटरीत वाटलेला. आपला गोवा बॉम्बे टेरिटरीत, म्हणजे मुंबई, गुजरात, सौराष्ट्र, कर्नाटकाचा थोडा भाग आणि आपण एका पोत्यात. डिस्ट्रिब्युटर बसलेला मुंबईत, पिक्चरवाल्यांच्या ऑफिसांच्या नाझ बिल्डिंगच्या आसपास. प्रिंटा मोजक्या, आधी मुंबई, मग मोठी शहरं, आणि आमच्याकडे रिळांची पेटी यायची तेव्हा रीळ ओरखड्यांनी भरलेलं, गाण्याच्या जागी तर हमखास तुटलेलं कारण कुठल्यातरी ऑपरेटराने गाणं कापून ठेवलेलं असायचं. आणि मोठ्या हिरोचा पिक्चर दिवाळीला पाहिजे तर आधी त्याच पार्टीचे दोन पडेल पिक्चर लावून घ्यायला लागायचे. मालक शिव्या घालायचा आणि लावायचा, करतो काय.

मग डिजिटल आलं, पेटी गेली, सॅटेलाइटवरून पिक्चर. सगळे म्हणाले आता छोट्या माणसाचं भलं होणार, प्रिंटचा खर्च वाचला. तर वाचला नाही, प्रिंटच्या जागी व्हीपीएफ (व्हर्च्युअल प्रिंट फी) नावाची फी आली, निर्मात्याने भरायची. एकेका पडद्यामागे. मोठ्याला त्याचं काही नाही, दोन-चार पडद्यांवर पिक्चर लावणाऱ्याला ती फीच जड होते.

मांडवीकाठ
रीळवाला काका, तुम्ही लिहिलंत ते दोन पडेल पिक्चरवालं, त्याला अमेरिकेत ब्लॉक बुकिंग म्हणायचे आणि त्यावर तिथे सुप्रीम कोर्टात केस झालेली. १९४८, पॅरामाउंटची केस. त्या वेळी हॉलिवूडमध्ये पाच मोठे स्टुडिओ, एमजीएम, पॅरामाउंट, वॉर्नर, फॉक्स आणि आरकेओ. नट पगारावर, लेखक पगारावर, स्टुडिओ स्वतःचा, आणि मुख्य म्हणजे मोठ्या शहरांतली चांगली थिएटरंही स्वतःची. कोर्टाने सांगितलं पिक्चर बनवणाऱ्याने थिएटरांची मालकी सोडायची आणि थिएटरवाल्याच्या गळ्यात गठ्ठ्याने पिक्चर बांधायचे नाहीत. त्यानंतर टीव्हीही आला आणि ती जुनी व्यवस्था मोडत गेली. तो आदेश २०२० मध्ये रद्द केला तिथल्या कोर्टाने, म्हणे आता काळ बदलला.

काळ बदलला हे खरंच आहे, पण कुठल्या दिशेने ते बघा. नेटफ्लिक्स स्वतः सिरीज बनवतं आणि थिएटरही त्याचंच, कारण तुमच्या टीव्हीवरचं अ‍ॅप हेच आता थिएटर. अ‍ॅमेझॉनने २०२२ मध्ये आख्खं एमजीएम विकत घेतलं, साडेआठशे कोटी डॉलरच्या आसपास. म्हणजे ४८ साली जे वेगळं करायला लावलं ते परत एकाच घरात. फरक इतकाच की तेव्हा शहरातली थिएटरं होती, आता प्रत्येकाच्या घरातला पडदा.

म्हापशेकर, तुला तुझ्याच गावचं सांगतो. शुक्रवारच्या बाजारात सगळ्यांना बसायला जागा मिळते, पण जागा वाटणाराच जर स्वतःच्या मिरच्या घेऊन बाजाराच्या तोंडाशी बसला तर मागच्या गल्लीतल्या पेडण्याच्या बाईकडे गिऱ्हाईक कधी पोचणार? तू म्हणणार गिऱ्हाईकाने ठरवलं.

म्हापशेकर
बाजाराचं बरोबर आहे, पण मागच्या गल्लीत माल चांगला असला की लोक शोधत जातात, आमची आई जाते. तुम्ही ओटीटीने दिलेलं सांगतच नाही. द डिसायपल घ्या. ख्याल शिकणाऱ्या पोराची गोष्ट, मराठी, गाडी कुठेही घाईने जात नाही. २०२० ला व्हेनिसला पटकथेचं बक्षीस, आणि २०२१ च्या एप्रिलमध्ये थेट नेटफ्लिक्सवर, जगभर. कुठल्या मल्टिप्लेक्साने हा पिक्चर गोव्यात दोन आठवडे चालवला असता? मोगूबाई आणि केसरबाईंसारख्या गायिकांचा हा मुलूख, तरी चालवला नसता. मी तो घरी बसून बघितला, मोगूबाईंच्या कुर्डीचं नाव नुसतं धरणामुळे माहीत असलेल्या माझ्या पुतण्याने पण बघितला.

मांडवीकाठ
ते मान्य. एकदम मान्य. पण तो पिक्चर आधी व्हेनिसला पोचला म्हणून नेटफ्लिक्सवर पोचला, हे पण लिही ना. ज्याला व्हेनिस नाही त्याने काय करायचं?

पुण्यात_अडकलेला
मी एक वेगळाच मुद्दा टाकतो, शिव्या नका घालू. तुम्ही सगळे सिनेमा सिनेमा करताय, पण आपल्याकडे ओटीटीचा मोठा पैसा सिनेमात नाहीच, क्रिकेटमध्ये आहे. आयपीएलचे २०२३ ते २७ चे हक्क टीव्ही आणि डिजिटल मिळून ४८,३९० कोटींना गेले. यातलं डिजिटल वायाकॉम १८ ने घेतलं आणि २०२३ चा सीझन त्यांच्या जिओ सिनेमा अ‍ॅपवर चक्क फुकट दाखवला. फुकट! म्हणजे लोकांना सवय लागली, आता दीडशे रुपये पण जड वाटतात. आणि एवढे पैसे क्रिकेटला ओतल्यावर बाकी कशाला हात आखडता घेणार? भाषांच्या सिनेमाला.

आणि मालकीची गंमत बघा. डिस्नीने २००६ ला पिक्सार घेतलं, २००९ ला मार्व्हल, २०१२ ला लुकासफिल्म, २०१९ ला फॉक्स. फॉक्सबरोबर स्टार इंडिया आलं. म्हणजे आमची आजी फोंड्यात बसून स्टार प्रवाहवर सासू-सुनेची मालिका बघत होती तेव्हा काही वर्षं ती मिकी माऊसच्या मालकाला पैसे मिळवून देत होती. मग नोव्हेंबर २०२४ ला स्टार आणि वायाकॉम १८ एकत्र झाले, म्हणजे प्रवाह आणि कलर्स मराठी एकाच घरात, आणि फेब्रुवारी २०२५ ला जिओ सिनेमा आणि हॉटस्टार ही दोन्ही अ‍ॅप मिळून जिओहॉटस्टार. थिएटरकडे पण तेच, पीव्हीआर आणि आयनॉक्स २०२३ ला एक झाले. विकणारे दहा असतात तेव्हा एकाने नाही म्हटलं तर दुसऱ्याकडे जाता येतं. आता जायचं कुठे?

सासष्टीची_सून
वा, आजीची मालिका आणि मिकी माऊस, हे मी घरी वाचून दाखवलं.

कुळागर
मी इथे सहसा फक्त वाचतो, पण यावर लिहायलाच पाहिजे. मी शूटिंगच्या कामात आहे, बाहेरून युनिट आलं की त्यांना जागा, परवानग्या, गाड्या, जेवण, जमावाची माणसं सगळं बघून देणं. कुठल्या कंपनीचं ते लिहीत नाही, पोट आहे.

पूर्वी हिंदी पिक्चरवाले यायचे, एक गाणं, एक बीच, चालले. आता वेब सिरीज म्हणजे महिना-दीड महिना मुक्काम, गोव्यातल्या पोरांना काम मिळतं हे कबूल करायलाच पाहिजे. आर्टमध्ये, लाइटमध्ये, साउंडमध्ये आपली पोरं तयार झाली ती याच कामावर. पण मागणी काय असते ती ऐका. पणजीच्या फोंताइन्हासचं पिवळं घर, बीचवर पार्टी, ड्रग्ज, एक दारुडा म्हातारा ज्याचं नाव हमखास ख्रिश्चन, एक रशियन बाई. मी एकदा त्यांच्या माणसाला म्हटलं बाब, आमच्याकडे कुळागरं म्हणजे माडा-पोफळीच्या बागा आहेत, खाणी आहेत, बंद पडलेल्या खाणीवर उभे राहिलेले ट्रक आहेत, जत्रेला रात्रभर नाटक चालतं, त्यात पण खून होऊ शकतो की. तो हसला आणि म्हणाला वरून जे मंजूर होतं ते "गोवा" म्हणून ओळखू यायला पाहिजे. कुणाला ओळखू यायला पाहिजे? दिल्लीत आणि दुबईत बसलेल्याला.

आणि लेखक पोरं बिचारी रात्री दारू पिताना सांगतात, पहिल्या दहा मिनिटांत काहीतरी भयंकर घडलंच पाहिजे, नायतर माणूस बंद करून दुसरं लावतो. त्यांच्याकडे म्हणे कळतं कुठल्या मिनिटाला किती जणांनी सोडलं. म्हणून सगळ्या सिरीजा प्रेतापासून सुरू होतात. थिएटरात माणूस तिकीट काढून बसला की बसला, मध्यंतरापर्यंत तरी उठत नाही, त्यामुळे जुन्या पिक्चरला दम धरता यायचा.

पैशाचं म्हणाल तर एका सिरीजचे माझे पैसे अजून अडकलेत. मुंबईची निर्मिती कंपनी म्हणते अ‍ॅपवाल्यांनी हप्ता सोडला नाही, आणि अ‍ॅपवाल्यांशी माझा कागदच नाही, मी कुणाला धरू?

अंत्रुजकर
कुळागरबाब, हे फारच भारी लिहिलंत. प्रेतापासून सुरू होतात हे शंभर टक्के, मी आता मोजतोच.

एक विचारू का, हे अ‍ॅपवाले निर्मात्याला पैसे कसे देतात? जास्त लोकांनी बघितलं तर जास्त?

कुळागर
त्यांच्या स्वतःच्या मालिकांना बहुतेक नाही. खर्च अधिक वर थोडा नफा, असं एकदाच ठरतं आणि हक्क सगळे त्यांचे, सगळ्या देशांत, कायमचे. सुपरहिट झाली तरी तेवढेच, पडली तरी तेवढेच. निर्मात्याला धोका नाही हे चांगलं आहे, मी नाकारत नाही, थिएटरात घर विकलेले निर्माते बघितलेत. पण पुढे दहा वर्षांनी कुणी बघितलं तर त्याला काही नाही.

सासष्टीची_सून
यावर मला लिहायचंय कारण हा आमच्या सासरचा जुना दुखरा विषय. सासष्टी-बार्देसची किती माणसं मुंबईत पिक्चरच्या ऑर्केस्ट्रात होती. चर्चच्या शाळेत नोटेशन वाचायला शिकलेली, मुंबईत त्या काळी हे येणारी माणसं थोडी, म्हणून हिंदी गाण्यांची अरेंजमेंट गोंयकारांनी केली. सेबास्तियन डिसोझा शंकर-जयकिशनकडे, आल्डोन्याचा चिक चॉकलेट, माजोर्ड्याचे अँथनी गोन्साल्विस. पडद्यावर नाव संगीतकाराचं, यांना त्या दिवसाचे पैसे हातावर आणि घरी जा. गाणं सत्तर वर्षं वाजतंय. अँथनी सरांकडे प्यारेलाल व्हायोलिन शिकले म्हणून १९७७ च्या अमर अकबर अँथनीतल्या त्या गाण्यात त्यांचं नाव तरी आलं, बाकीच्यांची घरच्यांनाच आठवण.

२०१२ ला आपल्याकडे कॉपीराइट कायदा बदलला, गीतकार आणि संगीतकाराला थिएटरबाहेरच्या वापरासाठी रॉयल्टीचा हिस्सा, आणि हा हक्क कंपनीला लिहून देऊन टाकता पण येत नाही. चांगलंच झालं. पण अरेंजर त्यात नाही, वाजवणाऱ्याच्या हातात पण फारसं काही येत नाही.

म्हणून २०२३ ला अमेरिकेत लेखक संपावर गेले ना, २ मे ते २७ सप्टेंबर, तेव्हा मी रोज बातम्या वाचत होते. मध्येच जुलैला नट पण उतरले, ते नोव्हेंबरपर्यंत. टीव्हीवर पुनःप्रक्षेपण झालं की लेखकाला चेक यायचा, स्ट्रीमिंगमध्ये तो चेक सुकला, आणि किती लोकांनी बघितलं ते कंपनी सांगेना. शेवटी लेखकांनी मिळवलं काय, तर पहिल्या ९० दिवसांत देशातल्या २० टक्के वर्गणीदारांनी बघितलं तर बोनस. आणि आकडे थोडे तरी उघडे करायचे. संघटना होती म्हणून झालं. आमच्या त्या म्हाताऱ्यांच्या मागे एवढं बळ कुठे होतं.

म्हापशेकर
ताई, हे माहीत नव्हतं. पण आकडे आता देतात की नेटफ्लिक्सवाले. डिसेंबर २०२३ पासून सहा-सहा महिन्यांचे तास जाहीर करतात. पहिल्याच यादीत १८ हजारांवर नावं होती, एक नंबरला द नाइट एजंट, ८१ कोटी तास. झाकून काय ठेवलंय मग?

मांडवीकाठ
तास देतात, पण कुणाच्या होमपेजवर काय किती वेळा दाखवलं ते देत नाहीत. ८१ कोटी तास लोकांनी निवडलं म्हणून झाले की सगळ्यांच्या टीव्हीवर आपोआप वाजलं म्हणून झाले, हे त्या यादीतून कसं काढणार? अंत्रुजकरने पहिल्या पोस्टमध्ये तेच तर विचारलंय.

आणि नुसतं न दाखवणं सोडा, बनवलेलं मारून पण टाकतात. ऑगस्ट २०२२ ला वॉर्नरने बॅटगर्ल नावाचा आख्खा पिक्चर, सुमारे ९ कोटी डॉलर घातलेला, शूटिंग संपलेलं, तो कपाटात टाकला. हिशेबात तोटा दाखवून कर वाचवायचा म्हणून, असं सगळ्या पेपरांत होतं. ज्यांनी तो बनवला त्यांच्याकडे स्वतःची एक कॉपी पण नाही. रीळवाला काकांच्या वेळी पिक्चर पडला तरी कुठल्यातरी गोडाऊनमध्ये प्रिंट असायची आणि आठ वर्षांनी मॅटिनीला लागायची.

रीळवाला
लागायची. आणि पडेल म्हणून सोडलेले मॅटिनीला चालायचे पण. पणजीच्या नॅशनल थिएटरला बघितलंय मी.

चवथीचो_माटोळी
धागा चांगला आहे, पण एक पण माणूस तियात्राबद्दल, म्हणजे आपल्या कोंकणी नाटकाबद्दल, बोलला नाही म्हणून लॉगिन केलं. मडगावात रवींद्र भवनात बाहेर बोर्ड बघा. तियात्र लिहिणारा बहुतेक वेळा तोच दिग्दर्शक, तोच नट. कंत्राटदार शो विकत घेतो, ठरलेली रक्कम आधी, तिकिटं त्याने विकायची. स्क्रिप्ट तियात्रिस्ताचीच राहते, एक प्रयोग पडला तर गावोगाव दुसरा आहे. आणि पब्लिक काय बघतं ते त्याला स्टेजवरून दिसतं, कांतार (गाणं) पडलं की पुढच्या प्रयोगाला बदलतो. याला कुठलं अ‍ॅप लागत नाही. आपल्या मराठी उत्सवी नाटकांचं पण तेच, गाव वर्गणी काढतं आणि देवळासमोर नाटक होतं, मुंबईचा कोण विचारतो.

कोंकणी पिक्चर नाचोम-इया कुम्पासार आठवतो ना, त्यांनी नेहमीच्या थिएटरांच्या मागे न लागता सभागृहांत खेळ लावले आणि लोक रांगा लावून आले. राष्ट्रीय पुरस्कार पण मिळाले.

म्हापशेकर
तो मी बघितलाय, दोनदा. पण तसा पिक्चर वर्षाला किती होतात? एक पण नाही. तुम्ही अपवाद घेऊन नियम करताय.

मांडवीकाठ
तू पण डिसायपल घेऊन तेच केलंस :)

पुण्यात_अडकलेला
महाराष्ट्रात २०१५ ला सरकारने मल्टिप्लेक्सना मराठीला प्राइम टाइम द्या म्हणून सांगितलं. ते गोव्याला लागू नाही, आणि तसंही नुसत्या वेळेने भागत नाही. २००९ ला निर्माते आणि मल्टिप्लेक्सांचं भांडण झालं, दोन महिने मोठे हिंदी पिक्चर आलेच नाहीत, आणि तोडगा निघाला की निर्मात्याचा हिस्सा पहिल्या आठवड्यात ५० टक्के, मग ४२.५, मग ३७.५, पुढे ३०. हिस्सा दर आठवड्याला उतरतो म्हणून मोठ्या निर्मात्याला पहिल्या तीन दिवसांत वसुली पाहिजे, म्हणून त्याला सगळे पडदे पाहिजेत. छोटा पिक्चर तोंडी प्रसिद्धीवर दुसऱ्या आठवड्यात उचलतो, तेव्हा त्याच्याकडे पडदाच नसतो. साडेबाराचा शो इथून येतो अंत्रुजकर, कुणी तुझ्यावर डूख धरून लावलेला नाही.

अंत्रुजकर
हे कुणी आधी सांगितलं असतं तर मी रविवारी पाव्हण्यांना पण घेऊन गेलो असतो.

बरं, माटोळीबाबने लिहिलेलं वाचून आम्ही चार-पाच जणांनी ठरवलं की माझा तो थिएटरात हुकलेला मराठी पिक्चर फोंड्याला राजीव गांधी कला मंदिरात लावायचा, तिकीट ठेवून, पैसे निर्मात्याला. हॉलचं भाडं विचारलं, जमण्यासारखं आहे. निर्मात्याचा नंबर मिळाला, फोन केला, माणूस एकदम साधा, खूष झाला. आणि मग म्हणाला, पण भाऊ मी तो दाखवू शकत नाही, सगळे हक्क अ‍ॅपला दिलेत. मी म्हटलं मग आमच्याकडे अ‍ॅप आहे, लॅपटॉप लावून दाखवतो. तर ते पण चालत नाही म्हणे, घरची वर्गणी घरापुरती, हॉल लावून तिकीट घेतलं तर केस होईल.

म्हणजे ज्याने पिक्चर बनवला तो दाखवू शकत नाही, ज्याच्याकडे हक्क आहे तो दाखवत नाही, आणि आम्ही पैसे घेऊन उभे आहोत.

कुळागर
तरी पण त्याला कागद परत वाचायला सांग. छोट्या पिक्चरांत कधीकधी नुसते डिजिटल आणि सॅटेलाइटचे हक्क गेलेले असतात, आणि थिएटरचे किंवा सभागृहात दाखवायचे तसेच राहिलेले असतात, निर्मात्याला "सगळे" असं तोंडी सांगितलेलं असतं म्हणून तो समजतो गेले. किती वर्षांसाठी दिलेत ते पण बघ, विकत घेतलेला पिक्चर असेल तर मुदत असते. वकील नको लागला तर मी वाचून देतो, व्यनि (व्यक्तिगत निरोप) कर.

रीळवाला
आणि हॉल घ्यायच्या आधी तिथला प्रोजेक्टर बघून ये. नाटकाच्या हॉलमध्ये आवाज स्टेजसाठी लावलेला असतो, पिक्चरचे डायलॉग मागे ऐकू येत नाहीत. स्पीकर भाड्याने घ्यायला लागतील. तारीख ठरली की सांग, मी येतो मशीनवर.